उपासाची कोंबडी

रश्शातल्या कोंबडीला तात्या धनवटे ‘बुडून मेलेली’ म्हणत. कुणी कौतुकानं जेवायला बोलावलं आणि ताटात तर्रीदार रस्सा आला, की ते वाटीवर वाकून पाहत आणि यजमानाला गंभीरपणे विचारत, “ही हिरीत आपल्या मनानं पडली, का तुमी ढकलली?” यजमान कसनुसं हसे. यजमानाची बायको हसत नसे. मग तात्या एकेक तुकडा रश्शाबाहेर काढून ताटाच्या कडेला निथळत ठेवत आणि निथळला की खात. त्या घरचं बोलावणं पुन्हा येत नसे. तात्यांना त्याचं काही वाटत नसे. समोरच्याची अक्कल आपण थोडी वाढवली, एवढं समाधान घेऊन ते घरी येत.

मी त्यांच्या शेजारच्या क्वार्टरमध्ये राहत होतो. मधली भिंत एका विटेची, त्यामुळे तात्यांनी घरात कुणाला काय सुनावलं ते मला आपोआप ऐकू येई. कोपरगावच्या बाजूच्या एका साखर कारखान्याची ती कॉलनी. दुष्काळाचे दिवस होते, रेशनवर लाल मिलो, म्हणजे अमेरिकेहून आलेली ज्वारी, मिळत होता. मी कारखान्याच्या लॅबमध्ये नवीनच लागलेला केमिस्ट, बिनलग्नाचा. तात्या तिथले स्टोअरकीपर. त्याआधी भिंगारला मिलिटरीच्या एका डेपोत त्यांनी सिव्हिलियन म्हणून हेच काम केलं होतं, आणि मिलिटरी सोडून बाकी सगळं जग गबाळं आहे हे मत ते तिथूनच बांधून घेऊन आले होते. पन्नाशी ओलांडलेला, उंच, हाडकुळा माणूस. कुणाशीही बोलताना हनुवटी वर करून नाकावरून खाली पाहायची सवय. आमचे चीफ इंजिनिअर त्यांच्याहून वीतभर उंच होते, पण त्यांच्याकडेसुद्धा तात्या खालीच पाहत. हे त्यांना कसं जमे, मला कधी कळलं नाही.

स्टोअरकीपर म्हणजे लागेल ती वस्तू देणारा माणूस, असा माझा समज होता. तात्यांच्या मते स्टोअरकीपर म्हणजे वस्तू न देणारा माणूस. लॅबमध्ये माझ्या हातून उसाच्या रसाचा हायड्रोमीटर फुटला. रसात किती साखर आहे ते बघायची ती काचेची नळी. मी नवीन मागायला गेलो.

“जुनं जमा, नवं इश्यू,” तात्या म्हणाले.

“अहो तात्या, फुटला तो. काचा झाडून टाकल्या.”

“मग तो फुटला ह्याला पुरावा काय?”

मी लॅबमागच्या उकिरड्यावर जाऊन काचा वेचल्या आणि वर्तमानपत्रात बांधून आणल्या. तात्यांनी त्या टेबलावर ओतल्या, खाली मान घालून एकेक तुकडा जोडत बसले, आणि शेवटी म्हणाले, “टोक कुठाय?” टोक नव्हतं. “बिनटोकाचा हायड्रोमीटर कसा जमा करून घेऊ, केमिस्ट?” मी पुन्हा उकिरड्यावर. टोक सापडलं, नवीन हायड्रोमीटर मिळाला, आणि वर प्रवचन मिळालं: “बघा, गावलं का न्हाई? मानूस शोधीत न्हाई, निस्तं मागत सुटतो.” त्या दिवशी मला त्या माणसाचा इतका राग आला होता की घरी येऊन मी मधल्या भिंतीवर उगाच एक बुक्की मारली. पलीकडून आवाज आला, “पोपडे पडतील. कॉलनीची भिंत हाय.”

नियमाचा एवढा पक्का माणूस स्वतः मात्र कुठल्याच नियमात सापडत नसे. कॉलनीत कुंपणाच्या आत जनावर पाळायला बंदी होती. कोंबड्यासुद्धा नाहीत. तात्यांनी खुराडं कुंपणाच्या बाहेर टेकवून बांधलं आणि त्याचं दार आपल्या अंगणात उघडेल असं ठेवलं. अंडी आत, कोंबड्या बाहेर. वॉचमन तक्रार घेऊन आला तेव्हा त्याला खुराड्याच्या चारी बाजू फिरवून दाखवल्या. “दाराला बंदी हाय का? नोटिशीत दार लिवलंय का?” तो बिचारा डोकं खाजवत परत गेला. दुसऱ्याला अडवायला नियम आणि स्वतःला निसटायलाही नियमच. अशी माणसं मला सहन होत नाहीत. तरी रविवारी मी त्यांच्या मागच्या अंगणात जाऊन बसत असे, कारण रविवारी तात्या कोंबडी तळत.

ती भिंगारच्या मेसमधली कोंबडी. साहेबलोकांसाठी खानसामा करायचा ते पाहून शिकलेली. काकूंना, म्हणजे तात्यांच्या मंडळींना, स्वयंपाकघरात ते चालत नसे, म्हणून सगळा कारभार अंगणात, पंपाच्या स्टोव्हवर. बनियन आणि खाकी अर्धी विजार घालून तात्या पाटावर बसत. आदल्या दिवशी लिंबू, मिरपूड, आलं-लसूण लावून ठेवलेले तुकडे आधी पंच्यानं टिपून कोरडे करायचे. “वली कोंबडी तेलात रडती,” असं त्यांचं म्हणणं. मग फेटलेल्या अंड्यात बुडवायचे, मग उन्हात वाळवून बाटलीनं कुटलेल्या पावाच्या चुऱ्यात घोळवायचे, आणि शेंगदाण्याच्या तेलात सोडायचे. तेलात काय चाललंय ते तात्या बघत नसत, कान देऊन ऐकत. आवाज बदलला की झारा घालत. पहिला तुकडा तोंडात घालून दातांनी मोडत आणि माझ्याकडे नजर रोखून विचारत, “ऐकू आली?”

ऐकू यायची. कुर्रकन यायची. मी मान हलवली की तात्या तेवढ्यापुरते माणसासारखे दिसत.

काकू तेव्हा तुळशीपाशी बसून वाती वळत असायच्या. बुटक्या, शांत, सतत काहीतरी करणाऱ्या. त्यांचे उपास पुष्कळ: एकादशी, चतुर्थी आणि सोमवार. यातला सोमवार त्यांनी तात्यांसाठी धरलेला. लग्नानंतर तात्यांना टायफॉइड झाला, माणूस हाताला लागेना, तेव्हा त्यांनी महादेवाला सोमवार बोलले आणि तात्या उठून बसले. ते उठून बसले आणि त्यांनी पहिलं काम केलं ते बायकोच्या उपासाची टिंगल करण्याचं. “आमच्या घरी उपासाला तेल जास्त लागतं,” असं ते चारचौघांत सांगत. “सोमवारी ही जेवत न्हाई, निस्तं खाती.” सोमवारी खुराड्यातली कोंबडी मुद्दाम कापत. काकूंची उपासाची भाजणी, साबुदाणा, भगर आणि राजगिरा भाजून दळलेलं पीठ, एका पितळी डब्यात वरच्या फळीवर असे. कोंबडीचा हात त्या डब्याला लागू नये, एवढंच त्या पाहत.

असं सगळं चाललेलं असताना स्टोअरमध्ये एक लोखंडी अँगल घसरून तात्यांच्या पायावर पडला. डाव्या अंगठ्याची जखम. कुणाचीही आठवड्यात भरली असती, ती भरेना. तात्यांनी आधी मलमाला नावं ठेवली, मग पट्टीला, मग पट्टी बांधणाऱ्या नर्सला. शेवटी आमच्या दवाखान्यातल्या तरुण डॉक्टरांनी तपासण्या केल्या आणि साखर निघाली. साखर कारखान्याच्या स्टोअरकीपरच्या अंगात साखर, म्हणून कॉलनीला महिनाभर हसायला पुरलं. तात्यांनी इतक्या लोकांना इतकी वर्षं हसून घेतलं होतं की मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

डॉक्टरांकडे मी बरोबर गेलो होतो. त्यांनी समोर बसवून सांगितलं, “गोळ्या लिहून देतो, पण गोळ्यांवर भागणार नाही. भाकरी, पोळी, भात, पाव बंद. बटाटा बंद. साखर, गूळ बंद. धान्याचं काहीही नको. अंडी खा, कोंबडी खा, पालेभाजी खा.”

“आन् न्हाई पाळलं तर?”

“अंगठा जाईल. मग पाय.”

बाहेर येताना तात्यांचा चेहरा उतरला असेल म्हणून मी पाहिलं. तो माणूस खुशीत होता. “कोंबडी खा म्हनला! हा पयला डॉक्टर हाय ज्याला काय कळतं. आन् भाकरी बंद झाली तर झाली, त्या मिलोच्या भाकरीला भाकरी कोन म्हनतंय.” काकू घरी दारातच उभ्या होत्या. त्यांना मी खरं सांगितलं, पायाचंसुद्धा. त्या तशाच जाऊन तुळशीपाशी बसल्या.

एक गोष्ट मान्य करायला हवी. डॉक्टरांनी जे जे नाव घेऊन बंद केलं, ते ते तात्यांनी त्या दिवसापासून बंद केलं. समोर गूळ ठेवा, बटाटा ठेवा, बघत नसत. फक्त पहिला रविवार आला आणि घोटाळा झाला. पाव बंद, म्हणजे पावाचा चुराही बंद. तात्यांनी नुसतं अंडं लावून कोंबडी तळली. तुकडा दातांनी मोडला. माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली नाही, कारण ऐकू काहीच आलं नव्हतं.

“मुकी झाली,” तात्या म्हणाले आणि उरलेली कोंबडी त्यांनी माझ्या ताटात लोटली.

दोन-चार रविवार असे मुके गेले. तात्या आणखी तुसडे झाले. स्टोअरमधून खिळा मिळणं मुश्कील झालं. आणि एका सोमवारी काकू चुलीवर भाजणीचं भाजत असताना तात्या लंगडत स्वयंपाकघराच्या दाराशी आले आणि त्यांनी विचारलं, “काय गं, ह्यात धान्य काय काय असतं?”

“इश्श! उपासाला धान्य कसं चालंल?” काकू म्हणाल्या.

“एक बी न्हाई?”

“न्हाई. म्हनून तर उपास.”

मधल्या भिंतीतून मला यानंतर तात्यांचं हसणं ऐकू आलं. मी ते आधी कधी ऐकलं नव्हतं, म्हणून प्रथम वाटलं की त्यांना ठसका लागला.

त्यांचा हिशोब सरळ होता. डॉक्टर म्हणाला धान्य नको. उपासाला धान्य चालत नाही. म्हणजे उपासाला जे चालतं ते धान्य नाही. आणि धान्य नाही ते डॉक्टरला चालतं. कुंपणाबाहेरच्या खुराड्याला आत दार. काकूंनाही ते पटलं. पटेल नाही तर काय, जन्मभर त्यांनी हेच पाळलं होतं. उलट त्यांना भरून आलं. इतक्या वर्षांनी नवरा उपासाच्या वाटेला आला! ज्या डब्याला त्या कुणाचा हात लागू देत नसत, त्यातली भाजणी त्यांनी स्वतः वाटीनं काढून अंगणात नेऊन दिली. कोंबडीच्या ताटाशेजारी ठेवताना त्यांनी एकदा डोळे मिटून हात जोडले, पण दिली.

त्या रविवारी तात्यांनी पहिला तुकडा मोडला तेव्हा पलीकडच्या क्वार्टरलाही ऐकू गेला असेल. भाजणीची कोंबडी पावाच्या कोंबडीहून खमंग झाली होती, हे मला खाली मान घालून मान्य करावं लागतं. कॉलनीनं तिला ‘उपासाची कोंबडी’ नाव दिलं. तात्यांनी ते अभिमानानं वापरायला सुरुवात केली. बरं, एवढ्यावर थांबावं? रताळ्याचं नाव डॉक्टरांनी घेतलं नव्हतं. साबुदाण्याचं घेतलं नव्हतं. भगरीचं घेतलं नव्हतं. ज्या माणसानं बायकोच्या फराळाची पंचवीस वर्षं टिंगल केली, तो सकाळी साबुदाण्याची खिचडी, दुपारी भगर आणि रात्री भाजणीतली कोंबडी खाऊ लागला. रोज एकादशी आणि रोज सामिष. आणि वर आम्हाला ऐकवणार: “पथ्य कसं पाळायचं ते शिका. तुमच्यासारख्यांना जमायचं न्हाई.”

अंगठा काळा पडत चालला होता.

डॉक्टरांनी लघवी तपासत राहायला सांगितलं होतं. ते काम माझ्याकडे आलं. तात्या बाटली घेऊन लॅबमध्ये आले आणि रसाच्या नमुन्यांच्या रांगेत त्यांनी ती नेऊन ठेवली. मी ती घाईघाईनं उचलून वेगळी काढली. काचनळीत बेनेडिक्टचं निळं औषध घेतलं, थेंब टाकले, स्पिरिटच्या दिव्यावर उकळलं. साखर नसेल तर रंग निळाच राहतो. थोडी असेल तर हिरवा, मग पिवळा, आणि भरपूर असेल तर विटकरी. नळीत बघता बघता गच्च वीट उतरली.

तात्यांनी नळी हातात घेऊन उजेडात धरली. नाकावरून खाली पाहिलं. “औषध जुनं हाय.”

मी नवीन बाटली फोडली. वीट.

“दिव्याची ज्योत बारीक हाय.”

मी ज्योत मोठी केली. वीट. तेव्हा सगळ्या लॅबला ऐकू जाईल अशा आवाजात तात्या म्हणाले, “ह्या लॅबचं मला म्हाईत हाय. शेतकऱ्याच्या उसात साखर कमी दावती आन् मानसात जास्त!” लॅबमधली पोरं खो खो हसली. ज्याचा पाय जाणार तो विनोद करून निघून गेला आणि आम्ही ती वीट धुवत बसलो.

संध्याकाळी मी त्यांच्याकडे गेलो. अंगठ्याला लावायचं टिंक्चर आयोडीन फळीवर होतंच. काकूंकडून एका ताटलीत मिलोच्या भाकरीचा तुकडा मागितला, चिमूटभर भाजणी मागितली, एक साबुदाणा, एक उकडलेलं अंडं आणि थोडं दाण्याचं कूट. शाळेत करतात तोच खेळ. पिठूळ पदार्थावर आयोडीन टाकलं की काळं-निळं होतं. भाकरीवर थेंब टाकला, काळी झाली. भाजणीवर टाकला, तीही तितकीच काळी. साबुदाणा शाईत बुडवल्यासारखा झाला. अंडं आहे तसं राहिलं. दाण्याच्या कुटावर जराशी सावली आली, बस.

“बघा,” मी म्हणालो. “भाजणी आणि भाकरी, तुमच्या रक्ताला दोन्ही सारखंच. पोटात जाऊन साखरच होते.”

काकू त्या काळ्या भाजणीकडे बघतच राहिल्या. तात्यांनी ताटली दूर सारली.

“केमिस्ट, उपास कवापासून चालत आलेत?”

“मला काय माहीत.”

“आन् तुमचं हे आयोडीन?”

मी बाटलीला बूच लावलं.

“मग? ऋषिमुनी म्हनत्यात हे धान्य न्हाई. आमची मंडळी म्हनती न्हाई. तुमी एकटे म्हनता हाय. जोवर ह्या घरात उपास हाय, तोवर उपासाला चालतं ते मला चालतं. जावा आता.”

ज्या ऋषिमुनींना त्यांनी जन्मात कधी नमस्कार केला नव्हता, ते आता त्यांच्या बाजूनं साक्षीला उभे होते. मी ताटली तशीच टाकून निघालो. माझ्याच्यानं या माणसाचं काही होणार नाही, कुणाच्याच्यानं होणार नाही, गेला पाय तर जाऊ दे, असंच मनात आलं. डॉक्टरांनीही त्या आठवड्यात हात टेकले. अंगठा वाचणार नाही, असं त्यांनी काकूंना स्पष्ट सांगितलं. साखर उतरली नाही तर अंगठ्यावर थांबणारही नाही.

पुढच्या सोमवारी दुपारी काकूंनी मला हाक मारली. “भाऊ, जरा या. साक्षीला.”

मी गेलो. तात्या जेवायला पाटावर बसले होते. समोर भगरीचं ताट. काकूंनी त्यांच्यासमोर दुसरा पाट मांडला आणि स्वतःचं ताट वाढून घेतलं. मिलोची लाल भाकरी, पिठलं, कांदा.

“ए,” तात्या म्हणाले, “आज सोमवार हाय.”

“म्हाईत हाय.”

“मग हे काय?”

काकूंनी भाकरी मोडली. पिठल्याला लावली आणि तोंडात घातली. घास गिळताना त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. ते पुसलं नाही त्यांनी. चावून गिळून झाल्यावर म्हणाल्या, “तुमी म्हनला ना, ह्या घरात उपास हाय तोवर उपासाचं चालतं? आजपासनं ह्या घरात उपास न्हाई. सोमवार न्हाई, एकादस न्हाई, चतुर्थी न्हाई. महादेवाला सांगून आले सकाळी. आता कोनच्या कायद्यानं खाता, खावा.”

आणि त्यांनी दुसरा घास घेतला.

मी तात्यांकडे पाहिलं. त्यांचं तोंड उघडं होतं. चीफ इंजिनिअरपासून वॉचमनपर्यंत प्रत्येकाला तोंडावर उत्तर देणारा हा माणूस. तो तिच्या ताटातल्या भाकरीकडे बघत होता. ज्या सोमवारांवर तो जिवंत राहिला असं ती बाई मानत होती, ते सोमवार तिनं त्याच्या डोळ्यांदेखत खाऊन टाकले होते. ताटातली भगर गार होत होती. त्यांनी ताट पुढे सरकवलं.

“हे कोंबड्यांना घाल,” ते म्हणाले.

पितळी डबा त्याच दिवशी रिकामा होऊन, घासून, उपडा ठेवला गेला.

मग तात्यांनी दाण्याचा नाद घेतला. ताटलीत कूट काळं झालं नव्हतं, हे त्यांनी बरोबर लक्षात ठेवलं होतं, मला तसं न सांगता. दाणे भाजून जाडसर कुटायचे, त्यात तीळ, किसलेलं सुकं खोबरं, लाल तिखट. अंडं जरा घट्ट फेटायचं, तुकडा कुटात दाबून घ्यायचा. पहिल्या रविवारी सगळं करपलं, कारण दाणे पावापेक्षा लवकर जळतात. तात्यांनी दोष स्टोव्हला दिला. दुसऱ्या रविवारी कूट तेलातच सुटलं. तात्यांनी दोष कोंबडीला दिला. “पांढरी इंग्लिश कोंबडी आनली असंल तुमी,” असं मला म्हणाले, खुराड्यातली स्वतःची गावरान कापून. पुढे मंद आचेवर जमायला लागली. आवाज यायचा, पण बेताचा.

“ही कोंबडी न्हाई,” तात्या चावत म्हणायचे. “ही बिनगुळाची चिक्की हाय.” आणि संपवायचे.

काचनळीतली वीट पिवळी झाली, मग हिरवी. अंगठा मात्र उशीर झाल्यानं गेला. नगरच्या दवाखान्यात काढावा लागला. पाय राहिला. मी भेटायला गेलो तेव्हा काकू खाटेशी पदर तोंडाला लावून बसल्या होत्या आणि तात्या उशीला टेकून वॉर्डातल्या पंख्याला नावं ठेवत होते. मला बघून त्यांनी बांधलेला पाय पुढे केला.

“अंगठा जमा केला,” म्हणाले. “पर नवा इश्यू होत न्हाई म्हनत्यात. कसला स्टोअर चालवतात हे लोक.”

मला हसू आलं आणि हसल्याचा रागही आला.

पुढे मला दुसऱ्या कारखान्यात चांगली जागा मिळाली. सामान टेम्पोत चढवलं आणि निरोप घ्यायला शेजारी गेलो. दुपारची वेळ. तात्या मागच्या अंगणात, नेहमीच्या पाटावर बसले होते, पण स्टोव्ह गार होता. कढई पालथी. समोर मेथीची भाजी आणि ताकाचा पेला. खुराड्यात कोंबड्या निवांत बसल्या होत्या.

“हे काय तात्या? कोंबडी नाही आज?”

“आज सोमवार हाय,” ते म्हणाले.

मला कळलं नाही. “तुम्ही तर सोमवारी मुद्दाम कापायचात.”

तात्यांनी घराच्या दाराकडे पाहिलं. आत काकू जेवायला बसल्या होत्या, भाकरी मोडल्याचा आवाज येत होता. त्यांनी मला खुणेनं खाली वाकायला सांगितलं. आवाज खाली आणला, पण नजर तीच, नाकावरून खाली.

“एवढं शिकला, केमिस्ट, तुमाला साधं कळत न्हाई? ह्या घरात दर सोमवारी एक उपास असायचा. इतकी वर्सं असायचा. तिच्याकडचा गेला म्हंजी कोनीतरी धरायला नको? स्टॉक कमी येऊन चालतंय व्हय?” मग ताकाचा घोट घेऊन म्हणाले, “आत बोलू नका. तिला सांगितलंय, सोमवारी कोंबडी पचत न्हाई म्हनून.”

मी ताठ उभा राहिलो. त्या माणसानं मला उकिरड्यावर पाठवलं होतं, माझ्या लॅबचे वाभाडे काढले होते, बायकोला भरल्या ताटावर रडवलं होतं, आणि हे सगळं मी काही विसरलो नव्हतो.

आतून काकूंची हाक आली, “भाऊ, उपाशीपोटी जाऊ नका. घासभर भाकरी खाऊन जा.”

मी आत जाऊन त्यांच्याबरोबर बसलो. दारातून तात्यांची पाठ दिसत होती. ते मेथी चावत होते, मान खाली घालून, अगदी आवाज न करता.